अंतर्गत बाब कोणाची? आसियान, म्यानमार आणि अहस्तक्षेपाचं तत्त्व : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

म्यानमारची बातमी पहिल्या पानावर आली, की त्याच त्या प्रश्नांचा रतीब सुरू होतो. काही प्रश्न स्पर्धा परीक्षेची तयारी करणाऱ्यांचे असतात, काही बँकॉक-सिंगापूरला नोकरीला असलेल्यांचे, आणि बरेचसे ‘शेजारी नुसते बघत का बसतात?’ अशा वैतागातून आलेले. शेजारी म्हणजे मुख्यतः आसियान, ही आग्नेय आशियाई देशांची संघटना. प्रत्येकाला वेगळं लिहीत बसण्यापेक्षा सगळे इथे एकत्र केले आहेत. हवा तो प्रश्न गाठा. जिथे दुसऱ्या उत्तराशी धागा जुळतो, तिथे त्याचा क्रमांक दिला आहे.

१. अहस्तक्षेपाचं तत्त्व म्हणजे सोप्या भाषेत काय?

एका देशाच्या घरच्या कारभारात दुसऱ्यानं ढवळाढवळ करायची नाही, एवढंच. संयुक्त राष्ट्रांच्या सनदेतल्या कलम २(७) नुसार देशांच्या अंतर्गत अखत्यारीतल्या गोष्टींत खुद्द संयुक्त राष्ट्रांनाही हात घालता येत नाही. अपवाद फक्त सुरक्षा परिषदेच्या सक्तीच्या कारवाईचा. आपल्याला हे तत्त्व पंचशीलातून माहीत आहे. २९ एप्रिल १९५४ च्या भारत-चीन करारातल्या पाच तत्त्वांपैकी ते एक. पुढच्याच वर्षी बांडुंग परिषदेत आशिया-आफ्रिकेतल्या देशांनी ते उचलून धरलं. यातले बरेच देश नुकतेच गोऱ्यांच्या राज्यातून सुटले होते. ‘आमचं आम्ही बघू’ हे त्यांना लाखमोलाचं वाटलं, यात नवल नाही.

गोम अशी, की हे तत्त्व राज्याला संरक्षण देतं, आणि राज्याच्या वतीनं बोलतं ते सरकार. सरकारच लोकांवर उठलं तर संरक्षण कोणाला, या पेचापाशी खालची बहुतेक उत्तरं येऊन ठेपतात.

२. आसियानमध्ये कोणकोणते देश आहेत? म्यानमार त्यात कधी आलं?

८ ऑगस्ट १९६७ ला बँकॉकमध्ये इंडोनेशिया, मलेशिया, फिलिपिन्स, सिंगापूर आणि थायलंड यांनी संघटना स्थापन केली. पुढे ब्रुनेई (१९८४), व्हिएतनाम (१९९५), लाओस आणि म्यानमार (जुलै १९९७), कंबोडिया (१९९९) आणि तिमोर-लेस्ते (ऑक्टोबर २०२५) आले. आता सदस्य ११, सचिवालय जकार्तात, अध्यक्षपद दरवर्षी फिरतं.

म्यानमारला आत घेतलं तेव्हाही तिथे लष्कराचंच राज्य होतं. पाश्चात्त्य देशांनी आक्षेप घेतला. आसियानचं म्हणणं असं, की बाहेर ठेवून सुधारणा होणार नाही, आत घेऊन होईल.

३. हे तत्त्व आसियानच्या कोणत्या कागदावर आहे?

दोन कागद महत्त्वाचे. पहिला, फेब्रुवारी १९७६ मध्ये बालीत झालेला मैत्री आणि सहकार्य करार. त्याच्या दुसऱ्या कलमात अहस्तक्षेप सरळ लिहिलेला आहे. दुसरा, आसियानची सनद. तिच्यावर नोव्हेंबर २००७ मध्ये सह्या झाल्या आणि ती १५ डिसेंबर २००८ पासून लागू झाली. तिच्याही दुसऱ्या कलमात अहस्तक्षेप आहे.

पण त्याच कलमात थोडं खाली कायद्याचं राज्य, सुशासन आणि घटनात्मक सरकार यांचं पालन करण्याचं बंधनही आहे. म्हणजे म्यानमारचे सेनापती अहस्तक्षेपाच्या ओळीवर बोट ठेवू शकतात आणि त्यांचे विरोधक घटनात्मक सरकारच्या ओळीवर. दोन्हींत तंटा झाला तर वरचढ कोण, हे सनद सांगत नाही.

४. आसियान या तत्त्वाला एवढं का चिकटून आहे?

कारण ही संघटना जन्मली तीच भांडणाच्या राखेतून. १९६३ ते १९६६ या काळात सुकार्नोंच्या इंडोनेशियानं नव्यानं बनलेल्या मलेशियाविरुद्ध अघोषित युद्ध पुकारलं होतं. बोर्निओच्या जंगलात चकमकी होत होत्या. मलेशियाच्या साबा प्रांतावर फिलिपिन्सचा दावा होता. सिंगापूर १९६५ मध्ये मलेशियातून बाहेर पडलेलं, नव्हे, बाहेर काढलेलं. जवळपास प्रत्येकाच्या घरात कम्युनिस्टांचं सशस्त्र बंड धुमसत होतं आणि त्याला बाहेरून रसद येते अशी खात्री होती. अशा पाच जणांनी एका टेबलाशी बसायचं ठरवलं, तेव्हा पहिली अट साहजिकच ही होती, की एकमेकांच्या बंडखोरांना पोसायचं नाही आणि एकमेकांच्या सरकारवर जाहीर टीका करायची नाही.

त्या अर्थानं तत्त्व यशस्वी ठरलं. आसियानच्या संस्थापक देशांमध्ये पुन्हा युद्ध झालं नाही. हे श्रेय द्यायलाच हवं. आसियानवर तोंडसुख घेणारे लेख ते सहसा देत नाहीत.

दुसरं कारण तितकं उदात्त नाही. झाकली मूठ सगळ्यांचीच आहे. थायलंडमध्ये २००६ आणि २०१४ असे दोनदा लष्करानं सरकार उलथवलं, व्हिएतनाम आणि लाओसमध्ये एकपक्षीय राजवट, ब्रुनेईत सुलतानशाही. आज म्यानमारवर बोट दाखवलं तर उद्या ते आपल्याकडे वळेल, हे प्रत्येक राजधानीला कळतं.

५. म्हणजे आसियाननं कधीच कोणाच्या घरात डोकावलं नाही?

असं मुळीच नाही. सोयीचं होतं तेव्हा तत्त्वाला मुरड घातली गेली, आणि ती सुद्धा मोठी.

डिसेंबर १९७८ मध्ये व्हिएतनामनं कंबोडियात फौजा घालून ख्मेर रूज या कम्युनिस्ट गटाची राजवट उलथवली. आसियाननं याला कडाडून विरोध केला, आणि तो सार्वभौमत्वाच्या नावानं. मग पुढची दहाएक वर्षं संयुक्त राष्ट्रांमध्ये कंबोडियाची खुर्ची व्हिएतनामनं नॉम पेन्हमध्ये बसवलेल्या सरकारला मिळू नये म्हणून आसियाननं रान उठवलं. १९८२ मध्ये ख्मेर रूज, माजी राजे सिहानूक आणि कम्युनिस्टविरोधी नेते सोन सान यांची मोट बांधायलाही हातभार लावला. कंबोडियावर कोणी राज्य करायचं हे ठरवण्यात एखादा गट यापेक्षा खोल काय शिरणार? पण व्हिएतनाम आणि कंबोडिया दोघंही तेव्हा सदस्य नव्हते, त्यामुळे कागदावर आपसातला नियम मोडला नाही.

जुलै १९९७ मध्ये हुन सेन यांनी सहपंतप्रधान रणरिद्ध यांना बळानं बाजूला केलं, तेव्हा कंबोडियाचा ठरलेला प्रवेश पुढे ढकलला गेला आणि आसियानच्या तीन मंत्र्यांनी मध्यस्थी केली. दारात उभ्या असलेल्यावर अट घालता येते. आत आल्यावर ती ताकद संपते. म्यानमारच्या बाबतीत नेमकं हेच झालं: ते त्याच जुलैमध्ये आत येऊन बसलं होतं.

यजमान देशाच्या संमतीनं झालेली कामं वेगळी मोजायला हवीत. १९९९ मध्ये तेव्हा इंडोनेशियाच्या ताब्यात असलेल्या पूर्व तिमोरला (आताचं तिमोर-लेस्ते) गेलेल्या आंतरराष्ट्रीय फौजेचा उपसेनापती थाई होता. २००५ मध्ये आचे प्रांतातल्या शांतता कराराची देखरेख युरोपियन युनियनबरोबर आसियानच्या पाच देशांनी केली. दोन्हीकडे इंडोनेशियानं होकार दिला होता. पहिल्या वेळी तो जागतिक दबावाखाली दिलेला होता, एवढंच.

६. हे तत्त्व सैल करायचा प्रयत्न आतून कोणीच केला नाही का?

केला. थायलंडचे परराष्ट्रमंत्री सुरिन पित्सुवान यांनी १९९८ मध्ये ‘लवचीक सहभाग’ अशी कल्पना मांडली: एखाद्या देशाच्या अंतर्गत गोष्टीचे चटके शेजाऱ्यांना बसत असतील तर त्यावर मोकळेपणानं बोलता आलं पाहिजे. फिलिपिन्स सोडून कोणी साथ दिली नाही. ‘वाढीव संवाद’ असं गुळमुळीत नाव देऊन प्रस्तावाची बोळवण झाली. हेच सुरिन पुढे आसियानचे महासचिव झाले आणि त्यांनी वेगळ्या वाटेनं म्यानमारचं दार उघडलं. ती हकिकत प्रश्न ११ मध्ये.

७. फेब्रुवारी २०२१ च्या लष्करी उठावानंतर आसियाननं नक्की काय केलं?

१ फेब्रुवारी २०२१ ला म्यानमारचे लष्करप्रमुख मिन आंग लाइंग यांनी सत्ता हातात घेतली. निवडून आलेल्या सरकारच्या नेत्या आंग सान स्यू ची आणि राष्ट्राध्यक्ष विन म्यिंत यांना अटक झाली. २४ एप्रिलला जकार्तात आसियानच्या नेत्यांची बैठक झाली आणि तिला खुद्द मिन आंग लाइंग हजर होते. तिथे पाच कलमी सहमती ठरली: हिंसा ताबडतोब थांबवणं, सर्व पक्षांमध्ये संवाद, आसियान अध्यक्षांच्या विशेष दूताची मध्यस्थी, आसियानच्या मदत केंद्रामार्फत मानवतावादी साहाय्य, आणि दूतानं म्यानमारला जाऊन सर्व पक्षांना भेटणं.

या कागदात काय नाही, तेही वाचण्यासारखं आहे. राजकीय कैद्यांच्या सुटकेचं कलम पाचांत नाही. अध्यक्षांच्या निवेदनात फक्त एवढंच, की कैद्यांच्या सुटकेची मागणी ‘आम्ही ऐकली’. कोणी मागणी केली, तिचं पुढे काय झालं, ताकास तूर नाही. हिंसा थांबवण्याला मुदत नाही, न थांबवल्यास काय याचा उल्लेख नाही. आणि ज्यांच्या हाती देशाची निम्मी लढाई होती, ते पदच्युत खासदारांनी आणि इतर विरोधकांनी बनवलेलं राष्ट्रीय एकता सरकार बैठकीला बोलावलेलंच नव्हतं.

नेते घरी पोचतात न पोचतात तोच लष्करी राजवटीनं जाहीर केलं, की देशात स्थैर्य आल्यावर आसियानच्या सूचनांचा काळजीपूर्वक विचार करू. थोडक्यात, वाटाण्याच्या अक्षता.

८. म्यानमारला आसियानमधून निलंबित केलं आहे ना?

नाही. हा सर्वांत जास्त होणारा गैरसमज. म्यानमार पूर्ण सदस्य आहे. बदललं ते इतकंच, की शिखर परिषदेला आणि परराष्ट्रमंत्र्यांच्या बैठकीला राजकीय प्रतिनिधी बोलावत नाहीत. बिगर-राजकीय अधिकारी पाठवा, असं सांगतात.

हे ठरलं कसं, ते बघण्यासारखं आहे. २०२१ मध्ये अध्यक्ष असलेल्या ब्रुनेईच्या एरिवान युसूफ या दूताला स्यू ची यांना भेटू दिलं नाही, म्हणून दौरा रद्द झाला. १५ ऑक्टोबरला परराष्ट्रमंत्र्यांची तातडीची बैठक झाली. म्यानमारला वगळण्यासाठी सहमती हवी असती तर ती कधीच मिळाली नसती, कारण म्यानमार स्वतः त्या बैठकीत होतं. मग निवेदनात वाक्य उलटं लिहिलं: राजकीय प्रतिनिधीनं यावं यावर सहमती झाली नाही. सहमतीच्या नियमाचं कुलूप त्याच नियमाच्या किल्लीनं उघडलं. मला विचाराल तर आसियानच्या मुत्सद्द्यांची या सगळ्या प्रकरणातली ही सर्वांत हुशार खेळी. महिनाअखेरच्या ऑनलाइन परिषदेत म्यानमारनं कोणालाच पाठवलं नाही.

खालच्या थरावर मात्र व्यवहार चालू राहिला. संरक्षणमंत्र्यांच्या विस्तारित मंचाखालच्या दहशतवादविरोधी तज्ज्ञ गटाचं सहअध्यक्षपद या काळात रशिया आणि म्यानमारकडे होतं. २०२३ मध्ये ठरलं, की २०२६ चं अध्यक्षपद म्यानमारऐवजी फिलिपिन्सनं सांभाळायचं. अशी पाळी पहिल्यांदाच आली असंही नाही: २००६ चं अध्यक्षपदही म्यानमारनं दबावाखाली सोडलं होतं.

९. मग सरळ हाकलून का देत नाहीत? मतदान घ्यायचं!

मतदानाची सोयच नाही. सनदेच्या कलम २० प्रमाणे निर्णय सल्लामसलतीनं आणि सहमतीनं होतात. गंभीर उल्लंघन झालं तर प्रकरण शिखर परिषदेकडे जातं, पण परिषदेनं काय करावं ते लिहिलेलं नाही. निलंबन आणि हकालपट्टी हे शब्द सनदेत औषधालाही सापडत नाहीत. काही सदस्यांना वगळून पुढे जाण्याची मुभा आहे, पण ती आर्थिक बांधिलकीच्या अंमलबजावणीपुरती.

समजा कलम असतं, तरी वापरलं असतं का? मला शंका आहे. हाकललेलं म्यानमार चीनच्या आणखी पंखाखाली जाईल ही भीती आहेच. शिवाय थायलंडची म्यानमारशी दोन हजार किलोमीटरहून लांब सीमा आहे. तिथून गॅस येतो, मजूर येतात, निर्वासित येतात. हकालपट्टीचा ठराव जकार्तात सोपा वाटतो, थायलंडच्या सीमेवरच्या मे सोतच्या पुलावर तितका नाही.

१०. पाच कलमी सहमती फसली कुठे? दूत तर दरवर्षी नेमतात.

तेच तर. दूत अध्यक्षांचा असतो आणि अध्यक्ष दरवर्षी बदलतो, त्यामुळे ओळखपाळख होईतो माणूस बदलतो. जानेवारी २०२२ मध्ये त्या वर्षी अध्यक्ष असलेल्या कंबोडियाचे पंतप्रधान हुन सेन स्वतः म्यानमारच्या राजधानीत, नेपिडोला जाऊन आले. सगळ्यांना वाटलं, बर्फ वितळेल. पुढे राजकीय कैद्यांना फाशी देऊ नका असं पत्रही त्यांनी लिहिलं. त्याच जुलैमध्ये माजी खासदार फ्यो झेया थॉ आणि १९८८ च्या आंदोलनातले नेते को जिमी यांच्यासह चौघांना फाशी दिली गेली. हुन सेन यांच्यासारख्या कसलेल्या सत्ताधाऱ्याला असं तोंडावर पडावं लागलं.

२०२३ मध्ये अध्यक्ष असलेल्या इंडोनेशियानं गाजावाजा न करता सर्व बाजूंशी बोलणी केली, विरोधी सरकारशीही. पण त्याच जूनमध्ये थायलंडनं पट्टायाला वेगळीच बैठक घेतली आणि लष्करी राजवटीच्या परराष्ट्रमंत्र्यांना बोलावलं; इंडोनेशिया, मलेशिया आणि सिंगापूरचे परराष्ट्रमंत्री गेले नाहीत. गट एका सुरात बोलत नाही हे सेनापतींना इथे दिसलं, आणि ते अशा भेगांवरच जगतात. त्याआधी एप्रिलमध्ये सगाइंग भागातल्या पा झी जी गावावर हवाई हल्ला होऊन शंभराहून अधिक माणसं मारली गेली होती, आणि मे महिन्यात आसियानच्या मदत ताफ्यावर शान राज्यात गोळीबार झाला होता. पहिलंच कलम हिंसा थांबवण्याचं आहे, हे इथे आठवावं.

११. ‘मदतीच्या वाटेनं आत शिरणं’ म्हणतात ते काय?

२ मे २००८ च्या रात्री नर्गिस चक्रीवादळ इरावती खोऱ्यावर आदळलं. मृत आणि बेपत्ता मिळून सुमारे १,३८,००० माणसं गेली. लष्करी राजवटीनं परदेशी मदतकार्यकर्त्यांना व्हिसा नाकारले. फ्रेंच आणि अमेरिकी जहाजं किनाऱ्याबाहेर थांबून राहिली. फ्रान्समध्ये बळानं मदत पोचवण्याची भाषा सुरू झाली आणि सेनापती आणखीच बिथरले.

तेव्हा महासचिव सुरिन (प्रश्न ६) पुढे सरसावले. आसियान, म्यानमार सरकार आणि संयुक्त राष्ट्रं असा त्रिपक्षीय गट बनला. व्हिसा, वाहतूक, गरजांची पाहणी सगळं त्याच्यामार्फत. तेवढ्यापुरतं दार खरंच उघडलं. पण ते उघडलं राजकारणाचा र न उच्चारता: त्याच महिन्यात, प्रेतं अजून चिखलात असताना, राजवटीनं आपल्या नव्या घटनेवर सार्वमत उरकून घेतलं, आणि आसियान गप्प राहिलं. २०२१ नंतर हीच वाट पुन्हा चोखाळली गेली, पण या वेळी आपत्ती निसर्गाची नव्हती. मदत कोणत्या गावात जाऊ द्यायची हे ठरवणाराच त्या गावावर बाँब टाकत होता.

१२. रोहिंग्यांच्या वेळी मुस्लीमबहुल सदस्य देशांनी तरी आवाज उठवला का?

मलेशियानं उठवला. ऑगस्ट २०१७ नंतर सात लाखांहून अधिक रोहिंग्या बांगलादेशात पळाले. सप्टेंबरमध्ये आसियान अध्यक्ष म्हणून फिलिपिन्सनं निवेदन काढलं. त्यात रोहिंग्या हा शब्दच नव्हता. मलेशियानं या निवेदनाशी आपला संबंध नाही असं जाहीर केलं. आसियानच्या शिष्टाचारात हे फार मोठं पाऊल.

खटला मात्र भरला तो आफ्रिकेतल्या चिमुकल्या गांबियानं. नोव्हेंबर २०१९ मध्ये, इस्लामी सहकार्य संघटनेच्या पाठिंब्यानं, आंतरराष्ट्रीय न्यायालयात वंशसंहार कराराखाली. त्या कराराच्या कोणत्याही सदस्य देशाला दुसऱ्यावर दावा लावता येतो, म्हणून अहस्तक्षेपाचा मुद्दा तिथे आडवा आला नाही.

१३. आफ्रिकन युनियनचा नियम उलटा आहे म्हणतात, खरं का?

कागदावर हो. आधीच्या आफ्रिकी एकता संघटनेनं (१९६३) अहस्तक्षेप इतका पाळला, की १९७५ मध्ये तिचं अध्यक्षपद युगांडाचा हुकूमशहा इदी अमीन याच्याकडे होतं. रवांडातल्या १९९४ च्या वंशसंहारानंतर तो पवित्रा टिकणं शक्य नव्हतं. २००० च्या स्थापना कायद्यातलं कलम ४(ह) युद्धगुन्हे, वंशसंहार आणि मानवतेविरुद्धचे गुन्हे घडत असतील तर सदस्य देशात हस्तक्षेप करण्याचा अधिकार युनियनला देतं. बेकायदा सत्ता बळकावणाऱ्याला निलंबित करण्याची तरतूदही आहे, आणि ती वापरतात: माली, गिनी, सुदान, बुर्किना फासो, नायजर, गॅबन. २०२१ मध्ये चाडला मात्र सोडून दिलं. फ्रान्सचा आणि शेजाऱ्यांचा लाडका देश होता तो तेव्हा.

हस्तक्षेपाचं कलम वापरायची वेळ डिसेंबर २०१५ मध्ये आली. बुरुंडीत ५,००० सैनिक पाठवायचं युनियनच्या शांतता आणि सुरक्षा परिषदेनं ठरवलं. बुरुंडी म्हणालं, आलात तर हल्ला समजू. पुढच्याच महिन्यात राष्ट्रप्रमुखांनी हात वर केले. कलम ४(ह) खाली युनियन अजून कुठेही बळानं शिरलेली नाही.

१४. गांबियात फौजा पाठवून हुकूमशहा घालवता आला, मग नायजरमध्ये का नाही?

दोन्ही ठिकाणी गट एकच, पश्चिम आफ्रिकेतला इकोवास. नियम तेच, २००१ चा लोकशाही आणि सुशासनाचा जादा करार. तरी निकाल वेगळे.

डिसेंबर २०१६ मध्ये गांबियाचे याह्या जामे निवडणूक हरले आणि आठवड्याभरात निकाल मानायला नकार दिला. विजयी अदामा बॅरो यांनी १९ जानेवारी २०१७ ला शपथ घेतली ती शेजारच्या सेनेगलच्या राजधानीत, डाकारमधल्या गांबियाच्या दूतावासात. त्याच दिवशी सेनेगलच्या फौजा सीमा ओलांडून आत गेल्या. २१ तारखेला जामे विमानात बसून निघून गेले. गांबिया तीन बाजूंनी सेनेगलनं वेढलेला, सैन्य तुटपुंजं, सेनापती लढायला नाखूश, आणि आमंत्रण द्यायला निवडून आलेला राष्ट्राध्यक्ष हजर.

नायजरमध्ये २६ जुलै २०२३ ला उठाव झाला. इकोवासनं आठवड्याची मुदत दिली. मुदत संपली, काही झालं नाही. देश अवाढव्य, निवडून आलेले राष्ट्राध्यक्ष बझूम कैदेत, माली आणि बुर्किना फासोच्या लष्करी राजवटी म्हणाल्या, नायजरवर हल्ला म्हणजे आमच्यावर हल्ला, नायजेरियाच्या सिनेटनंही युद्धाला पाठिंबा दिला नाही. सप्टेंबरमध्ये नायजर, माली आणि बुर्किना फासो या तिघांनी स्वतःची आघाडी काढली आणि २९ जानेवारी २०२५ ला ते इकोवासमधून अधिकृतपणे बाहेर पडले.

मला यातून दिसतं ते असं, की कलम किती कडक आहे यापेक्षा ताकदवान शेजारी तयार आहे का आणि राज्यकर्ता घरात एकटा पडला आहे का, यावर सगळं ठरतं. म्यानमारला सेनेगल नाही. थायलंडला तो व्हायचा नाही आणि चीनला तर मुळीच नाही.

१५. प्रादेशिक गटाला स्वतःच्या अधिकारात फौजा पाठवता येतात का? संयुक्त राष्ट्रांची परवानगी लागते ना?

संयुक्त राष्ट्रांच्या सनदेचं कलम ५३ सांगतं, की सक्तीच्या कारवाईला सुरक्षा परिषदेची मान्यता हवी. प्रत्यक्षात इकोवास १९९० मध्ये लायबेरियात आधी गेलं, परिषदेची शाबासकी नंतर मिळाली. यजमान सरकारनं बोलावलं असेल तर गोष्ट वेगळी: मार्च २०११ मध्ये आखाती देशांच्या फौजा बहरीनमध्ये गेल्या त्या तिथल्या राजाच्या बोलावण्यावरून, रस्त्यावर उतरलेल्या लोकांविरुद्ध त्याची बाजू सावरायला. शासकासाठी झालेल्या हस्तक्षेपाला हस्तक्षेप म्हणत नाहीत, ही या तत्त्वाची जुनी खोड.

१६. आपल्या सार्कचं काय?

सार्कच्या १९८५ च्या सनदेनं प्रश्नच निकालात काढला: निर्णय एकमतानं, आणि द्विपक्षीय वा वादग्रस्त विषय चर्चेलाच घ्यायचे नाहीत. २०१४ च्या काठमांडूनंतर शिखर परिषद झालेली नाही. सप्टेंबर २०२१ मध्ये अफगाणिस्तानच्या खुर्चीत तालिबानला बसवायचं का, या वादात परराष्ट्रमंत्र्यांची न्यूयॉर्कमधली बैठकही रद्द झाली. इथे अहस्तक्षेपाचा प्रश्न येण्याआधी भेटण्याचा येतो.

१७. थायलंड-कंबोडिया लढाईत आसियान लगेच मध्ये पडलं, मग म्यानमारमध्ये का नाही?

कारण ते दोन सदस्यांमधलं भांडण होतं, एकाच्या घरातलं नाही. जुलै २०२५ मध्ये सीमेवर पाच दिवस तोफा चालल्या; मलेशियाचे पंतप्रधान अन्वर इब्राहिम यांनी पुत्राजायात दोघांना बसवून युद्धबंदी घडवली. अहस्तक्षेपाचा नियम इथे लागूच होत नाही. अर्थात अमेरिकेनं व्यापारी करांचा बडगा उगारला होता, तोही कामी आला. आणि डिसेंबरमध्ये लढाई पुन्हा पेटली, त्यामुळे यशाचे ढोल जपूनच वाजवावेत.

१८. भारत यात कुठे उभा आहे? आपल्याला त्याचं काय?

भारताची म्यानमारशी १,६४३ किलोमीटरची सीमा आहे. अरुणाचल, नागालँड, मणिपूर आणि मिझोरम अशा चार राज्यांना लागून. दिल्लीनं लष्करी राजवटीशी बोलणं तोडलेलं नाही. म्यानमारबद्दल संयुक्त राष्ट्रांच्या जून २०२१ च्या आमसभेतल्या ठरावावर आणि डिसेंबर २०२२ च्या सुरक्षा परिषदेतल्या ठरावावर, दोन्ही वेळा भारत तटस्थ राहिला. त्याच वेळी मिझोरमनं म्यानमारमधल्या चिन समाजाच्या निर्वासितांना आसरा दिला, केंद्राच्या नाराजीची पर्वा न करता. एकाच देशाच्या या दोन भूमिका, आणि मला मिझोरमची जास्त समजते.

‘आपल्याला काय’ याचं उत्तर म्यानमारच्या थायलंड सीमेवरच्या म्यावाडी गावाच्या आसपासच्या सायबर फसवणुकीच्या अड्ड्यांत आहे. थायलंडमध्ये नोकरी म्हणून नेलेली भारतीय मुलं सीमेपलीकडे डांबली गेली. मार्च २०२५ मध्ये पाचशेहून अधिक जणांना हवाई दलाच्या विमानांनी परत आणलं. महाराष्ट्र सायबर विभागानंही अशा काहींची सुटका करून इथल्या दलालांना पकडलं. ज्या पट्ट्यात सरकारचा अंमल उरत नाही, तिथली ‘अंतर्गत बाब’ अशी फोनवरून घरात येते.

१९. परीक्षेत ‘आसियान म्यानमारमध्ये अपयशी ठरलं’ असं लिहिलं तर चालेल का?

चालेल, पण कशात ते लिहा. हिंसा थांबवण्यात अपयशी, हो. राजवटीला सरसकट मान्यता मिळू न देण्यात बऱ्यापैकी यशस्वी, हेही खरं (प्रश्न ८). आणि सगळं खापर अहस्तक्षेपावर फोडू नका. सहमतीचा नियम (प्रश्न ९) आणि सदस्यांमधली फूट (प्रश्न १०) तितकीच जबाबदार आहेत.

२०. लष्करानं निवडणूक घेतली. आता आसियान मान्यता देणार का?

डिसेंबर २०२५ पासून टप्प्याटप्प्यानं मतदान झालं, तेही देशाच्या काही भागातच. स्यू ची यांचा पक्ष आधीच बरखास्त केलेला होता. आसियाननं संघटना म्हणून निरीक्षक पाठवले नाहीत. पण मान्यता एका ठरावानं मिळते असं समजू नका. एखाद्या मंत्र्याला बैठकीचं आमंत्रण जातं, मग दुसऱ्याला, आणि एक दिवस खुर्ची भरलेली दिसते. सिरियाला अरब लीगनं २०११ मध्ये निलंबित केलं होतं. मे २०२३ मध्ये असद परत येऊन बसले, अटी पूर्ण न करता.

२१. तिमोर-लेस्ते आत आल्यानं काही फरक पडेल?

सर्वांत लहान आवाज, पण वेगळा. २०२३ मध्ये तिमोरच्या सरकारनं म्यानमारच्या विरोधी सरकारच्या प्रतिनिधींना उघडपणे भेट दिली. ऑगस्टमध्ये लष्करी राजवटीनं तिमोरच्या राजदूतावासातल्या प्रमुखाला देशाबाहेर काढलं. सदस्य झाल्यावर सहमतीत त्याचाही होकार लागतो, म्हणजे म्यानमारच्या बाजूचा गुळमुळीत मसुदाही आता अडू शकतो. १९७५ ते १९९९ तिमोर इंडोनेशियाच्या ताब्यात होता, आणि त्या सगळ्या वर्षांत आसियानचं अधिकृत मत होतं, की तो इंडोनेशियाचा घरगुती प्रश्न आहे.